ट्युरिंगला एकटं कोणी पाडलं?

'द इमिटेशन गेम' हा सिनेमा मला मनापासून आवडतो आणि त्याच्यावर माझा रागही तितकाच आहे. हे दोन्ही एकाच वेळी कसं काय, ते सांगायचा प्रयत्न करतोय. २०१४ चा सिनेमा, बेनेडिक्ट कंबरबॅच ॲलन ट्युरिंग झालाय आणि कीरा नाइटली त्याची सहकारी जोन क्लार्क. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांच्या एनिग्मा या सांकेतिक लिपीच्या मशीनचे संदेश फोडणारा इंग्रज गणितज्ञ, आणि ज्या देशासाठी हे सगळं केलं त्याच देशानं पुढे तो समलैंगिक आहे म्हणून त्याच्यावर खटला भरला, ही गोष्ट बहुतेकांना माहीत असेल. पहिल्यांदा बघितला तेव्हा शेवटच्या पाट्या वाचताना डोळे भरून आले होते, थेटरातून बाहेर पडल्यावर बराच वेळ कोणाशी बोलावंसंच वाटलं नाही. मग मी ट्युरिंगबद्दल मिळेल ते वाचत सुटलो, आणि जसजसं वाचत गेलो तसतसं वाटायला लागलं की सिनेमानं या माणसाकडून काहीतरी काढून घेतलंय. त्याची माणसंच काढून घेतलीयेत.

सिनेमातला ट्युरिंग आठवा. त्याला जोक कळत नाही, "आम्ही जेवायला चाललोय" म्हटल्यावर आपल्यालाही बोलावतायत हे कळत नाही, टीममधल्या कोणाला तो नकोय, वरचा साहेब त्याला हाकलायला टपलेला, आणि हा बिचारा सगळ्यांच्या विरोधात जाऊन एकटा ते अवाढव्य मशीन उभं करतोय. जगाला न कळलेला हुशार माणूस. हा साचा आपल्याला इतका सवयीचा झालाय की त्यात कोणालाही बसवलं तरी आपण लगेच मान डोलावतो.

आता विक्षिप्तपणा त्याच्यात होताच, त्यात वाद नाही. जूनमध्ये परागकणांनी शिंका यायच्या म्हणून तो गॅस मास्क घालून सायकल चालवायचा. चहाचा मग कोणी नेऊ नये म्हणून रेडिएटरला साखळीनं बांधून ठेवायचा. सायकलची चेन ठराविक फेऱ्या झाल्या की निसटायची, तर ती दुरुस्त करायच्या ऐवजी हा फेऱ्या मोजत चालवायचा आणि निसटायच्या आत उतरून नीट करायचा. युद्धात पैसे बुडतील या भीतीनं त्यानं चांदीच्या लगडी जमिनीत पुरल्या आणि नंतर त्या त्याला स्वतःलाही सापडल्या नाहीत! पण हे किस्से आपल्यापर्यंत आले कुठून? त्याच्याबरोबर काम करणाऱ्या लोकांनी म्हातारपणी आठवून आठवून सांगितले, आणि त्या सांगण्यात केवढा जिव्हाळा आहे. ब्लेचली पार्कमध्ये, म्हणजे इंग्रजांच्या कोड फोडायच्या गुप्त केंद्रात, सगळे त्याला 'प्रॉफ' म्हणायचे. सिनेमात ज्या पीटर हिल्टनचा भाऊ बुडणाऱ्या जहाजावर दाखवलाय (तो सगळा प्रसंग कल्पित आहे), तो खरा हिल्टन १९४२ मध्ये अठरा वर्षांचा पोरगा म्हणून तिथे आला होता, आणि त्यानं नंतर आवर्जून सांगितलं की ट्युरिंगकडे कधीही जावं, तो आपली कल्पना समजावून सांगायला नेहमी तयार असायचा. म्हणजे ज्याच्या तोंडी सिनेमानं ट्युरिंगबद्दलचा राग घातला तोच माणूस प्रत्यक्षात हे सांगतोय.

एक गोष्ट मात्र सिनेमाच्या बाजूनं मान्य करायला हवी, ट्युरिंगला एकट्यानं काम करायला आवडायचं. जर्मन नौदलाचा एनिग्मा सगळ्यात अवघड होता आणि तो त्यानं घेतला तो दुसरं कोणी त्याच्या वाटेला जात नव्हतं म्हणूनच, आपल्याला एकट्याला मिळेल म्हणून. पण एकट्यानं काम करायला आवडणं वेगळं आणि एकटं पडणं वेगळं.

लहानपणी मात्र तो खरंच एकटा होता, आणि गंमत म्हणजे त्यातला आपल्या देशाशी जोडलेला भाग सिनेमात नाहीच. वडील मद्रास इलाख्यात आयसीएस अधिकारी, आईचे वडील मद्रास रेल्वेचे चीफ इंजिनिअर. ॲलनचा जन्म लंडनचा, २३ जून १९१२. आई-वडील इकडे हिंदुस्थानात आणि दोघं भाऊ तिकडे समुद्रकाठच्या एका गावात रिटायर्ड कर्नलच्या घरी, वर्षानुवर्षं. मग शाळेत ख्रिस्तोफर मॉरकॉम हा जिवलग मित्र भेटला. तो १९३० च्या फेब्रुवारीत टीबीनं गेला, हे सिनेमात आहे, पण तिथे हेडमास्तर विचारतात तेव्हा लहानगा ॲलन म्हणतो की मी त्याला फारसा ओळखत नव्हतो. बघताना काळजाला हात घालतो तो सीन. खऱ्या ॲलननं काय केलं माहितीये? त्यानं ख्रिस्तोफरच्या आईला पत्रं लिहिली, कितीतरी वर्षं लिहिली, त्यांच्या घरी जाऊन राहिला. सतरा वर्षांच्या मुलानं आपलं दुःख नेमक्या माणसाजवळ नेऊन ठेवलं आणि त्या माउलीनं ते आपलं म्हणून सांभाळलं. मला तरी हे सिनेमातल्या नकारापेक्षा शंभरपट मोठं वाटतं.

आता मशीनचं. सिनेमात मशीनचं नाव ख्रिस्तोफर आहे आणि ते ट्युरिंगच्या डोक्यातून थेट बाहेर आलंय. प्रत्यक्षात गोष्ट सुरू होते पोलंडमध्ये, आणि पोलंडच्या वाट्याला सिनेमात जेमतेम एक वाक्य आलंय. १९३२ च्या डिसेंबरमध्ये, म्हणजे हिटलर चॅन्सलर व्हायच्याही आधी, मरियान रेयेव्हस्की नावाच्या सत्तावीस वर्षांच्या गणितज्ञानं एनिग्माच्या आतलं वायरिंग निव्वळ गणितानं शोधून काढलं. फ्रेंचांनी एका फितूर जर्मनाकडून मिळवलेली थोडी कागदपत्रं होती मदतीला, पण बाकी सगळं परम्युटेशनचं गणित. एका ठिकाणी तो अडला होता. कीबोर्डवरची अक्षरं मशीनच्या आतल्या चकतीला कोणत्या क्रमानं जोडलीयेत? सव्वीस अक्षरांचे क्रम किती होतात ते तुम्हीच बघा. इंग्रजांचा मुरलेला कोडब्रेकर डिली नॉक्स याच जागी डोकं आपटत बसला होता. रेयेव्हस्कीनं विचार केला की जर्मन लोक शिस्तीचे, त्यांनी सरळ ए, बी, सी, डी असंच जोडलं असेल. आणि तसंच निघालं! १९३९ च्या जुलैमध्ये, युद्ध सुरू व्हायला महिनाभर उरलेला असताना, वॉर्साजवळच्या पिरीच्या जंगलात पोलिश लोकांनी आपलं सगळं काम इंग्रज आणि फ्रेंचांपुढे ठेवलं तेव्हा नॉक्सनं आधी हाच प्रश्न विचारला, आणि उत्तर ऐकून तो भयंकर चिडला, मग तितकाच खूश झाला. घरी गेल्यावर त्यानं तिघा पोलिश गणितज्ञांना, म्हणजे रेयेव्हस्की, रुझित्स्की आणि झिगाल्स्की यांना, रेशमी रुमाल भेट पाठवले.

पुढे १९४० च्या जानेवारीत ट्युरिंग स्वतः फ्रान्समध्ये जाऊन या पोलिश मंडळींना भेटला, त्यांच्यासाठी भोकं पाडलेले कागदी तक्ते घेऊन गेला होता. त्यांना तो तर्कशास्त्रातला हुशार, या धंद्यात नुकता आलेला धाकटा सहकारी वाटला. रुझित्स्की १९४२ मध्ये जहाज बुडून गेला. रेयेव्हस्की युद्धानंतर पोलंडला परत गेला, एका वर्षात त्याचा कोवळा मुलगा पोलिओनं गेला, आणि जगातलं एक सगळ्यात अवघड मशीन फोडणारा हा माणूस पुढे कित्येक वर्षं हिशेबनिसाची नोकरी करत गप्प राहिला. जगाला न कळलेला गणितज्ञ दाखवायचाच होता तर हा एक होता की समोर.

पोलिश लोकांच्या 'बॉम्बा' या एनिग्मा फोडायच्या मशीनवरून ट्युरिंगनं वेगळ्याच तत्त्वावर आपलं 'बॉम्ब' मशीन आखलं, लेचवर्थच्या कारखान्यात हॅरल्ड कीननं ते बांधलं, पहिलं मार्च १९४० मध्ये आलं आणि त्याचं नाव होतं 'व्हिक्टरी'. ब्लेचलीतलाच गणितज्ञ गॉर्डन वेल्चमन याला त्यात एक जादा जोडणी सुचली, तिच्यामुळे खोटी उत्तरं प्रचंड कमी झाली आणि मशीन खऱ्या अर्थानं उपयोगाचं झालं. हा वेल्चमन सिनेमात नाहीच! युद्ध संपेपर्यंत अशी दोनशेच्या वर मशीन्स झाली होती आणि ती चोवीस तास चालवायच्या नौदलातल्या तरुण मुली, पाळ्यापाळ्यांनी.

ते मशीन नेमकं काय करायचं हे सिनेमात कधी सांगितलंच नाही याचं मला फार वाईट वाटतं, कारण ते समजायला अजिबात अवघड नाही. एनिग्माच्या सेटिंग्ज म्हणजे १५९ वर अठरा शून्यं, आणि रोज मध्यरात्री बदलणार. सगळ्या तपासत बसलात तर जन्म पुरणार नाहीत. पण एनिग्मात एक खोट होती, कोणतंही अक्षर स्वतःमध्ये बदलत नसे. ई दाबलंत तर ई सोडून काहीही येईल. आता जुन्या मराठी पत्राचा विचार करा, कोणाचंही पत्र असो, सुरुवातीला 'सा. न. वि. वि.' असणार हे न उघडता सांगता येतं. तसंच जर्मन हवामानाच्या संदेशात 'वेटर' म्हणजे हवामान हा शब्द असणारच. त्याची अक्षरं डब्ल्यू, ई, टी, टी, ई, आर. समजा पकडलेला मजकूर आहे क्यू, ई, बी, एन, एक्स, के, पी. 'वेटर' पहिल्या अक्षराखाली धरून बघा, दुसऱ्या जागी ई खाली ई आलं, म्हणजे ही जागा बाद. एक घर उजवीकडे सरका, आता कुठेच सारखं अक्षर समोरासमोर येत नाही, म्हणजे इथे असू शकतो. अशी जागा मिळाली की मशीनचं काम सुरू. अमुक सेटिंग धरलं तर विसंगती येते का? येते, बाद. पुढचं. येते, बाद. जिथे विसंगती येत नाही तिथे मशीन थांबतं आणि मग माणसं हातानं तपासतात.

याच ट्युरिंगनं १९३९ मध्ये केंब्रिजला तत्त्वज्ञ विट्गेन्स्टाइनच्या वर्गात बसून वाद घातला होता. विट्गेन्स्टाइन म्हणत होता गणितात विसंगती निघाली तर बिघडलं कुठे, आणि ट्युरिंग म्हणत होता की त्या गणितावर बांधलेला पूल पडेल. काही महिन्यांत तो विसंगती शोधणारं यंत्र आखत होता. सिनेमात मात्र दोन वर्षं मशीन असंच फिरत राहतं आणि मग बारमध्ये कोणीतरी सहज बोलतं तेव्हा यांना सुचतं की अरे, संदेशातले ठरलेले शब्द वापरता येतील. ज्या कल्पनेवर अख्खं मशीन उभं आहे ती योगायोगानं सुचल्याचं दाखवलं, गणितज्ञावर सिनेमा काढून त्याचं गणितच काढून टाकलं.

आणि पत्र. सिनेमात ट्युरिंग एकटा चर्चिलला पत्र लिहितो आणि साहेब होऊन परत येतो. खऱ्या पत्रावर, २१ ऑक्टोबर १९४१ च्या, चार सह्या आहेत: ट्युरिंग, वेल्चमन, ह्यू अलेक्झांडर आणि स्टुअर्ट मिलनर-बॅरी. मागणं काय, तर आम्हाला कारकून द्या, टायपिस्ट द्या, मशीन चालवायला माणसं द्या. मिलनर-बॅरी ते घेऊन स्वतः डाउनिंग स्ट्रीटला गेला. चर्चिलनं हुकूम काढला, आजच्या आज करा. चौघांनी मिळून वरच्यांना डावलून थेट पंतप्रधानांचं दार ठोठावलं, यात काय कमी नाट्य आहे?

जोन क्लार्कवर अन्याय वेगळ्या तऱ्हेनं झालाय. शब्दकोड्याच्या स्पर्धेतून ती आली असं दाखवलंय, प्रत्यक्षात वेल्चमननं तिला केंब्रिजला शिकवलं होतं आणि त्यानंच बोलावलं. गणितात दोन्ही परीक्षांत पहिला वर्ग, पण केंब्रिज १९४८ पर्यंत बायकांना पूर्ण पदवीच देत नव्हतं. आठवड्याला दोन पाउंडांवर ती लागली. तिला बढती द्यायची तर बाई कोडब्रेकरसाठी वरची जागाच नव्हती, म्हणून कागदोपत्री भाषातज्ज्ञ केलं, आणि ती फॉर्मवर मजेत लिहायची, हुद्दा भाषातज्ज्ञ, येणाऱ्या भाषा शून्य. हट ८ मध्ये, म्हणजे जर्मन नौदलाच्या एनिग्मावर काम करणाऱ्या विभागात, बॅनबरी गावात छापलेले लांबलचक कागद असायचे, प्रत्येक संदेशाची अक्षरं भोकं पाडून त्यावर उतरवायची, मग एक कागद दुसऱ्यावर ठेवून सरकवत सरकवत कुठे जास्त भोकं एकावर एक येतात ते मोजत बसायचं, तासन् तास, डोळे फुटेपर्यंत. ट्युरिंगची पद्धत होती ती, आणि जोन तिच्यातली सगळ्यात तरबेजांपैकी एक. १९४४ मध्ये ती हट ८ ची उपप्रमुख झाली. ट्युरिंगनं १९४१ मध्ये तिला मागणी घातली, ती हो म्हणाली, आणि लगेच त्यानं आपल्याला पुरुषांचं आकर्षण आहे हे सांगूनही टाकलं, ती डगमगली नाही. काही महिन्यांनी त्यानंच ते मोडलं, पण मैत्री राहिली. ब्लेचलीत शेवटी शेवटी नऊ हजारांच्या आसपास लोक होते, त्यातल्या चारात तीन बायका. सिनेमा बघून वाटतं की पाच पुरुष आणि एक बाई होती.

पण ज्या एका गोष्टीसाठी मी या सिनेमाला माफ करू शकत नाही ती म्हणजे केर्नक्रॉस. जॉन केर्नक्रॉस हा सोव्हिएत हेर ब्लेचलीत खरंच होता, पण वेगळ्या हटमध्ये, आणि ट्युरिंगशी त्याचा संबंध आल्याचा काही पुरावा नाही. सिनेमात तो ट्युरिंगला धमकावतो की माझं गुपित फोडलंस तर तुझं फोडीन, आणि ट्युरिंग गप्प बसतो. म्हणजे समलैंगिक माणूस देशाच्या गुपितांसाठी धोका असतो, त्याला ब्लॅकमेल करता येतं, हा जो संशय त्या काळात अशा हजारो लोकांच्या नोकऱ्या खाऊन बसला तोच संशय ट्युरिंगच्या बाजूनं काढलेल्या सिनेमानं खरा करून दाखवला. हे करताना कोणाच्या कसं लक्षात आलं नाही?

खरा ट्युरिंग असा होता की लपवणं त्याला जमतच नव्हतं. १९५२ च्या जानेवारीत त्याच्या मँचेस्टरजवळच्या घरी चोरी झाली, त्यानं स्वतः पोलिसांत तक्रार केली, चौकशीत एका तरुणाशी असलेले संबंध बाहेर आले, तर यानं पाच पानी जबाब लिहून दिला, काही न दडवता. त्याची समजूत होती की आता हा कायदा बदलायचं चाललंच आहे. ३१ मार्च १९५२ ला नट्सफर्डच्या कोर्टात खटला उभा राहिला. आणि त्याच्या बाजूनं साक्ष द्यायला कोण उभं राहिलं? ज्यानं त्याला केंब्रिजला शिकवलं तो मॅक्स न्यूमन, आणि ह्यू अलेक्झांडर. हो, तोच, बुद्धिबळाचा चॅम्पियन, सिनेमात जो ट्युरिंगला मारायला धावतो. सरकारी गुप्तहेर खात्यात नोकरी करणारा माणूस, त्या काळात, असल्या खटल्यात आरोपीच्या बाजूनं भर कोर्टात उभा राहिला आणि म्हणाला की हा माणूस म्हणजे राष्ट्राची ठेव आहे. का, ते मात्र सांगू शकत नव्हता. हट ८ चा एक शब्द उच्चारला असता तर तोच गुन्हा झाला असता. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं होतं. हा सीन सिनेमात नाही आणि असूच शकत नाही, कारण हा सीन घातला तर मित्र नसलेला ट्युरिंग उभाच राहत नाही.

म्हणूनच मला वाटतं की त्याला विचित्र आणि एकाकी दाखवणं ही साधी पटकथेची सोय नाहीये. माणूस मुळातच जगाशी न जुळणारा असला की त्याचा शेवट त्याच्या स्वभावातून आल्यासारखा वाटतो, आपण हळहळतो आणि घरी जातो. पण ज्याला मित्र होते, ज्याच्यावर सहकाऱ्यांचा जीव होता, जो १९४७ मध्ये २ तास ४६ मिनिटांत मॅरेथॉन धावला, तो माणूस असा संपतो तेव्हा बोट दुसरीकडे वळतं, कायद्याकडे, आणि तो कायदा चालवणाऱ्या सभ्य लोकांकडे.

शिक्षा काय, तर तुरुंग नाहीतर वर्षभर कामेच्छा मारणारे हार्मोन्स. त्यानं हार्मोन्स घेतले. शरीर बेढब झालं, त्या धावपटूचं शरीर. पण सिनेमात दाखवलाय तसा थरथरत्या हातांनी मशीनला कवटाळून बसलेला तो नव्हता. त्याच काळात तो प्राण्यांच्या अंगावरचे ठिपके आणि पट्टे कसे तयार होतात याचं गणित मांडत होता, तो लेख आजही जीवशास्त्रात वाचला जातो. एप्रिल १९५३ मध्ये हार्मोन्स थांबले. ७ जून १९५४ ला तो गेला, एक्केचाळीसाव्या वर्षी, सायनाइडनं. शेजारी अर्धवट खाल्लेलं सफरचंद होतं, ते कोणी तपासलंही नाही. चौकशीत आत्महत्या ठरली, आईला शेवटपर्यंत तो अपघात वाटत होता. आणि त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये, अडीच महिन्यांत, तो कायदा तपासायला सरकारनं वुल्फेंडन कमिटी नेमली.

माझा कॉलेजपासूनचा एक मित्र गे आहे. हा सिनेमा आम्ही त्याच्या घरी एकत्र परत पाहिला. शेवटच्या पाट्या आल्या, युद्ध दोन वर्षं लवकर संपलं, एक कोटी चाळीस लाख जीव वाचले वगैरे, मी परत हळवा झालो होतो, आणि तो म्हणाला, "आणि नसते वाचवले तर? बँकेत क्लार्क असता, तर चाललं असतं का हे सगळं?" मला उत्तर देता आलं नाही. मग तो बराच वेळ बोलत राहिला. ११ डिसेंबर २०१३ ला आपल्या सुप्रीम कोर्टानं दिल्ली हायकोर्टाचा २००९ चा निकाल फिरवला आणि कलम ३७७ परत लागू झालं, त्या दिवशी त्यानं दिवसभर फोन बंद ठेवला होता. आणि तेरा दिवसांनी, २४ डिसेंबरला, पेपरात बातमी, इंग्लंडच्या राणीनं ॲलन ट्युरिंगला क्षमा केली. १८६० मध्ये इंग्रजांनीच इथे लिहून ठेवलेलं कलम, तिकडे ते आपल्या एका मेलेल्या माणसाला सोडवत होते आणि इकडे जिवंत माणसं परत गुन्हेगार झाली होती. प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरतं ते कलम शेवटी ६ सप्टेंबर २०१८ ला पडलं. त्या रात्री मी त्याच्या घरी होतो, पेढे होते आणि त्याची आई सगळ्यांना आग्रह करत होती.

ट्युरिंगची क्षमा एकट्या ट्युरिंगसाठी होती. त्याच कायद्याखाली शिक्षा झालेले बाकीचे हजारो लोक तसेच राहिले, कारण त्यांनी एनिग्मा फोडलं नव्हतं. त्यांच्यासाठी कायदा व्हायला २०१७ उजाडलं, त्याला लोक ट्युरिंगचा कायदा म्हणतात. मेलेल्यांना आपोआप क्षमा, जिवंत असलेल्यांनी अर्ज करायचा. १९७४ मध्ये शिक्षा झालेले जॉर्ज मॉन्टेग्यू तेव्हा नव्वदी पार केलेले होते, ते म्हणाले मला तुमची क्षमा नको. क्षमा घेतली तर मी गुन्हा केला होता असं मान्य केल्यासारखं होईल, त्यापेक्षा तुम्ही माझी माफी मागा. मी हे मित्राला वाचून दाखवलं तर तो उडालाच, म्हणाला ट्युरिंग मोठा माणूस रे, पण हे आजोबा माझे आहेत, यांच्यावर सिनेमा निघाला तर फर्स्ट डे फर्स्ट शो, तिकिटं माझ्याकडून.